लेखनसीमा : लिहिणाऱ्यांच्या जादूविषयी थोडेसे

(बी. ए. द्वितीय वर्ष)

‘लेखक’ हा शब्द उच्चारला की आपल्या डोळ्यांपुढे कथा-कादंबऱ्या लिहिणारी व्यक्ती उभी राहते. जुन्या काळी या शब्दाचा अर्थ याहून साधा होता. लेखक म्हणजे लिहून देणारा. बोलणारा एक, लिहिणारा दुसरा. व्यासांनी महाभारत सांगितले आणि गणपतीने ते लिहून घेतले, ही कथा आपण सर्वांनी लहानपणी ऐकली आहे. यमाच्या दरबारात चित्रगुप्त बसतो आणि आपल्या पापपुण्याची वही लिहितो, हेही ऐकले आहे. देवांनासुद्धा लिहून देणारा लागतो, असे आपल्या पूर्वजांना वाटले, यावरून या धंद्याचा मान लक्षात यावा.

गेल्या वर्षी आपल्या ग्रंथालयात एक अनुवादित कल्पनारम्य कादंबरी माझ्या हाती आली. तीत एक काल्पनिक राज्य आहे आणि त्या राज्यात मंत्रलेखकांचा एक वर्ग आहे. ते दारावर चार अक्षरे लिहितात आणि दार उघडेनासे होते. दगडावर लिहितात आणि दगड हलतो. पुस्तक वाचून संपले तेव्हा माझ्या मनात विचार आला की, यात नवल ते काय? आमच्या घरी दर शनिवारी हेच घडत होते.

माझी माय विड्या वळते. तेंदूची पाने, तंबाखू आणि सूत घरी आणायचे, आठवडाभर विड्या वळायच्या आणि शनिवारी त्या नेऊन द्यायच्या. तिथे मुन्शी बसतो. तो विड्या मोजतो, खराब विड्यांची छाट काढतो आणि कार्डावर आकडा लिहितो. मी चौथ्या वर्गात असताना एकदा मायसोबत गेले होते. घरून निघताना छत्तीस जुड्या होत्या, म्हणजे नऊशे विड्या. परत येताना मी सहज कार्ड उघडले तर त्यावर सातशे लिहिले होते. मी मायला म्हटले, “माय, दोनशे कमी आहेत.” माय चालता चालता थांबली नाही. ती एवढेच म्हणाली, “त्यानं लिवलं ना बाई? मंग तेवढ्याच होत्या.”

दोनशे विड्या एका शाईच्या रेघेने नाहीशा झाल्या. याला जादू नाही तर दुसरे काय म्हणावे? प्रस्तुत लेखात मी आपल्या मराठी मुलुखातील अशा जादूगार लिहिणाऱ्यांची थोडी ओळख करून देणार आहे. त्यांची जादू नेमकी कशात होती आणि ती कशाने तुटली, हे पाहण्याचा माझ्या अल्पमतीप्रमाणे हा प्रयत्न आहे.

जंतर लिहिणारे

पहिला मान अर्थातच खरोखरीच मंत्र-यंत्र लिहिणाऱ्यांचा. ताईत, गंडे, भूर्जपत्रावरची यंत्रे ही आपल्या गावांतून अजूनही दिसतात. यंत्र लिहिण्याचे नियमही ठरलेले आहेत. शाई अष्टगंधाची, लेखणी डाळिंबाच्या काडीची, लिहिताना बोलावयाचे नाही. लिहून झाले की त्याची घडी घालून तांब्याच्या पेटीत बंद करावयाची. ती उघडून वाचावयाची नाही, हा सर्वांत महत्त्वाचा नियम.

या यंत्रांतील एक सर्वत्र आढळते. त्याला पंधरिया यंत्र म्हणतात. नऊ घरांचा चौकोन काढून पहिल्या ओळीत ८, १, ६. दुसऱ्या ओळीत ३, ५, ७. आणि तिसऱ्या ओळीत ४, ९, २ असे आकडे लिहितात. आडवी, उभी, तिरपी कोणतीही बेरीज करा, पंधराच येते. सोळा घरांचे चौतिसा यंत्रही प्रसिद्ध आहे. खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरात ते कोरलेले असून त्याची प्रत्येक बेरीज चौतीस येते.

अडाणी माणसाला हे पाहून भीती वाटली तर नवल नाही. परंतु नारायण पंडित नावाच्या गणितज्ञाने इ. स. १३५६ मध्ये ‘गणितकौमुदी’ हा ग्रंथ लिहिला आणि त्यात अशा चौकोनांवर एक संपूर्ण प्रकरण घातले. चौकोन कसा भरावा, याच्या रीती त्याने उघड करून सांगितल्या. एक ते नऊ आकड्यांचा असा चौकोन मुळात एकच आहे. तोच फिरवून आणि उलटून आठ रूपे होतात. हे कळल्यावर पाचवीतला विद्यार्थीही पंधरिया यंत्र लिहू शकतो. ताईत लिहिणाराने जे घडी घालून पेटीत बंद केले, तेच गणितज्ञाने पोथीत उघडे मांडले. आकडे तेच, चौकोन तोच. फरक फक्त घडीचा.

महानुभावांचे लिपिकार

आता याहून फार वेगळ्या आणि फार मोठ्या लिहिणाऱ्यांकडे वळू. ते आपल्या विदर्भातले आहेत. अमरावती जिल्ह्यातील रिद्धपूर हे महानुभाव पंथाचे महत्त्वाचे स्थान. श्रीचक्रधरांच्या निकटच्या अनुयायांत नीळभट्ट भांडारेकार हे एक नाव येते. आपला गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी वेगळा झाला, त्याआधी आपण सारे भांडारेकारच होतो! त्यामुळे हा विषय आपल्याला परका नाही.

श्रीचक्रधर निघून गेल्यानंतर म्हाइंभटांनी एक अवघड काम हाती घेतले. स्वामींना ज्यांनी ज्यांनी पाहिले, त्यांचे बोलणे ऐकले, त्या सर्वांना गाठून त्यांच्या आठवणी विचारल्या आणि लिहून काढल्या. १२७८ च्या सुमारास त्यातून ‘लीळाचरित्र’ सिद्ध झाले. मराठी गद्याचा हा आद्य ग्रंथ. येथे लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, म्हाइंभट स्वतः शास्त्र शिकलेले पंडित होते. त्यांना संस्कृतात लिहिता आले असते. परंतु त्यांनी लिहिले ते लोकांच्या बोलीत. पंथाचे आचार्य नागदेव यांचा तसाच आग्रह होता. केशोबासांसारखा विद्वान संस्कृतात रचना करू लागला, तेव्हा त्यांनी त्याला थांबविले. संस्कृतात लिहिले तर आपल्या साध्यासुध्या बायाबापड्या त्या धर्माला मुकतील, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता.

पंथात स्त्रिया मोठ्या संख्येने होत्या आणि त्या नुसत्या ऐकणाऱ्या नव्हत्या. महदंबा प्रश्न विचारीत असे आणि तिने रचलेले ‘धवळे’ मराठीतील पहिल्या स्त्री-काव्यात गणले जातात. पुढे स्वारीच्या धामधुमीत पंथाच्या पोथ्या गहाळ झाल्या. तेव्हा ज्यांना लीळा पाठ होत्या त्यांच्या स्मरणातून ग्रंथ पुन्हा उभा करण्यात आला. अशा स्मरण ठेवणाऱ्यांत हिराइसा ही एक स्त्री होती. कागद हरवला तरी एका बाईच्या डोक्यात ग्रंथ शिल्लक राहिला, ही गोष्ट वाचून मला किती बरे वाटले ते येथे सांगत बसत नाही.

परंतु या अनुभवानंतर पंथाने आणखी एक गोष्ट केली. चौदाव्या शतकात रवळोबासांनी ‘सकळ लिपी’ नावाची सांकेतिक लिपी तयार केली. पुढे सुंदरी, अंक, शून्य, सुभद्रा, वज्र अशा आणखी लिप्या झाल्या. पंथातील निरनिराळ्या शाखा आपापले ग्रंथ या लिप्यांतून लिहू लागल्या. भाषा मराठीच; परंतु अक्षरांची ओळख बदललेली. गुरूने किल्ली दिल्याशिवाय पोथी उघडूनही ती बंदच राहावयाची.

हे कसे होते ते समजण्यासाठी मी एक सोपा खेळ सांगते. हा माझा खेळ आहे, पंथाची लिपी नव्हे. प्रत्येक व्यंजनाच्या जागी वर्णमालेतील त्याच्या पुढचे व्यंजन लिहावयाचे; काना-मात्रा तशाच ठेवावयाच्या. मग ‘धान’ या शब्दाचे ‘नाप’ होते आणि ‘भात’ या शब्दाचे ‘माथ’ होते. किल्ली ठाऊक नसणारा गोंधळून जाईल. ठाऊक असणारा क्षणात वाचील. सकळ लिपीत तर अक्षरांसाठी निराळीच चिन्हे आणि शब्दांचे संक्षेप होते. तेव्हा ती परक्याला किती दुर्बोध वाटली असेल याची कल्पना करावी.

हे लिपिकार लबाड नव्हते. आपले प्राणप्रिय शब्द विटंबनेपासून वाचावेत, अनधिकारी माणसाच्या हाती पडून त्यांत बदल होऊ नये, ही त्यांची तळमळ होती. ती बऱ्याच अंशी सफलही झाली. यादवकालीन मराठी कशी बोलली जात असे, हे आज आपल्याला जे कळते त्यात या पोथ्यांचा वाटा फार मोठा आहे. पंथ पुढे पंजाबपर्यंत आणि पेशावरपर्यंत गेला. तेथे त्याला जयकृष्णी पंथ म्हणत. तेथील माणसांनीही मराठी पोथ्या जिवापाड जपल्या.

पण या कुलुपाची किंमतही द्यावी लागली. जे लपविले जाते त्यात काही वाईटच असणार, अशी माणसाची समजूत असते. बाहेरच्या लोकांनी पंथाविषयी नाही नाही ते गैरसमज करून घेतले आणि ते शतकानुशतके टिकले. दुसरे असे की, मराठीतील सर्वांत जुने गद्य मराठी माणसालाच ठाऊक राहिले नाही. ज्या ग्रंथाची भाषा म्हाताऱ्या बायांना कळावी म्हणून निवडली होती, त्याची लिपी मात्र कोणालाही कळू नये अशी निवडली गेली. मला हा विरोध फार विचार करण्यासारखा वाटतो.

१९१० च्या सुमारास इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी सकळ लिपीची उकल केली. त्यानंतर यवतमाळचे य. खु. देशपांडे, नागपूरचे ह. ना. नेने आणि डॉ. वि. भि. कोलते यांच्यासारख्या अभ्यासकांनी हे साहित्य उजेडात आणले. डॉ. कोलते यांनी संपादित केलेले ‘लीळाचरित्र’ १९७८ मध्ये प्रसिद्ध झाले. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा मराठीच्या जुनेपणाविषयी बोलताना सर्वांच्या तोंडी ‘लीळाचरित्रा’चे नाव होते. पोथ्या उघडल्या गेल्या म्हणून हे घडले. त्या अजून कुलपातच असत्या तर आपण काय दाखविणार होतो?

मोडीचे चिटणीस आणि कर्जाचे कागद

तिसरा वर्ग दरबारातील लिहिणाऱ्यांचा. मोडी लिपीचे जनकत्व परंपरेने यादवांचा मंत्री हेमाडपंत याच्याकडे दिले जाते. बोरूने आधी कागदभर आडवी रेघ ओढून घ्यावयाची आणि तिच्याखाली हात न उचलता लिहीत जावयाचे. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही, दोन शब्दांत अंतर नाही. त्यामुळे लेखन भराभर होई. शिवकालापासून पेशवाईपर्यंत, तसेच आपल्या नागपूरकर भोसल्यांच्या दफ्तरातही याच लिपीचे राज्य होते. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ती शाळांतून शिकवीत. आज मोडी वाचणारे थोडे उरले आहेत, म्हणून आपल्याच पणजोबांचा कागद आपल्याला सकळ लिपीसारखा वाटतो.

शिवाजी महाराजांचे चिटणीस बाळाजी आवजी यांची आख्यायिका सर्वश्रुत आहे. महाराजांनी एक महत्त्वाचे पत्र लिहावयास सांगितले होते. कामाच्या गर्दीत ते लिहावयाचे राहिले. रात्री महाराजांनी विचारले तेव्हा बाळाजींनी कोरा कागद हातात धरून संपूर्ण पत्र जसेच्या तसे वाचून दाखविले. जवळच्या मशालजीला हसू आवरेना म्हणून महाराजांना संशय आला आणि खरा प्रकार उघडकीस आला. मग त्यांनी तेच पत्र शब्दही न चुकता लिहून दिले. ही आख्यायिका आपण बुद्धिचातुर्याची म्हणून सांगतो आणि ती तशी आहेही. पण मला तिच्यात दुसरे काही दिसते. लिहिणारा मनात आणील तर कोऱ्या कागदावरूनही वाचू शकतो, आणि ऐकणाऱ्याला ते कळत नाही.

हा धोका जुन्या राज्यकारभाराला पुरता ठाऊक होता. म्हणूनच पत्राच्या शेवटी ‘मोर्तब’ करण्याची पद्धत होती. मजकूर जेथे संपला तेथेच एक छोटा शिक्का उमटवावयाचा, म्हणजे त्याच्या पुढे कोणाला एक अक्षरही वाढविता येणार नाही. या शिक्क्यात ‘लेखनसीमा’ हा शब्द पुष्कळदा असे. लिहिण्याची हद्द येथे संपली! या लेखाचे शीर्षक मी तेथूनच घेतले आहे. लिहिणाराच्या जादूला आपल्या पूर्वजांनी घातलेले हे बंधन आहे.

दुर्दैवाने हे बंधन राजाच्या पत्राला होते, कुणब्याच्या कर्जाला नव्हते. इंग्रजी अमलात सावकाराचा कागद कोर्टात चालू लागला. कागदावर काय लिहिले आहे हे अंगठा देणाराला कळत नसे आणि कोर्ट तर कागदच पाहत असे. महात्मा फुले यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ या १८८३ च्या ग्रंथात अक्षरशून्य शेतकरी लिहिणाऱ्यांकडून कसा नागवला जातो याचे भेदक चित्र काढले आहे. त्याआधीच, १२ मे १८७५ रोजी, पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी उठले आणि तो उठाव पुणे व नगर जिल्ह्यांत पसरला. या दख्खनच्या दंग्यातील विशेष असा की, लोकांचा रोख मुख्यतः कर्जरोख्यांवर होता. त्यांनी सावकारांकडून कागद मागितले आणि जाळले. ज्या कागदाने शेत नेले तो कागदच जळाला पाहिजे, हे त्यांना पक्के समजले होते. वाचता न येणाऱ्या माणसाजवळ कागदाविरुद्ध एवढाच एक उपाय असतो.

सरकारने चौकशी केली आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. त्यात गावोगाव नोंदणीदार नेमून शेतकऱ्याचा कर्जाचा कागद त्याच्या देखरेखीखाली लिहावा आणि त्याच्यासमोर पुरा करावा, अशी तरतूद होती. म्हणजे लिहिणाऱ्यावर दुसरा लिहिणारा नेमला. शेतकऱ्याला स्वतःला वाचता यावे, ही गोष्ट मात्र मागेच राहिली.

दुसऱ्या प्रकारचा एक मुन्शी

‘मुन्शी’ या शब्दाविषयी माझ्या मनात लहानपणापासून अढी होती. ती घालविणारा एक मुन्शी आपल्या अगदी शेजारी होऊन गेला, हे मला या अभ्यासात कळले. आपल्या सालेकसा तालुक्याला लागून पलीकडे बालाघाट जिल्हा आहे. त्या जिल्ह्यातील मुन्शी मंगलसिंह मसराम यांनी १९१८ मध्ये गोंडी भाषेसाठी एक स्वतंत्र लिपी तयार केली.

गोंडी ही लक्षावधी माणसांची भाषा. सालेकसा तालुक्यातील कचारगडला माघ पौर्णिमेला जी यात्रा भरते, तेथे ती कानावर पडते. परंतु या भाषेतील गाणी, कुळांच्या कथा, देवांची नावे ही सारी मुखोद्गत. लिहावयाचे तर देवनागरीत किंवा तेलुगू लिपीत, म्हणजे दुसऱ्याच्या घरात पाहुणे म्हणून. मसरामांनी आपल्या भाषेला तिचे घर बांधून दिले. तेलंगणातील गुंजाला गावीही गोंडीची एक जुनी लिपी सापडली आणि ती वाचणारी थोडीच वृद्ध माणसे उरली होती. आज या दोन्ही लिप्यांना संगणकाच्या जागतिक लिपिसंचात स्थान मिळाले आहे. मसरामांच्या लिपीला २०१७ मध्ये आणि गुंजालाच्या लिपीला २०१८ मध्ये.

रवळोबासांनीही लिपी केली आणि मसरामांनीही केली. दोघेही आपापल्या लोकांवर प्रेम करणारे. एकाने शब्द सुरक्षित राहावेत म्हणून दार लावले, दुसऱ्याने शब्द घरी यावेत म्हणून दार केले. दोन्ही कामे आपापल्या काळी आवश्यक असतील. पण आज मला विचाराल तर मी दुसऱ्या मुन्शीच्या बाजूने आहे.

आजचे लिहिणारे

वाचक म्हणतील की, या साऱ्या जुन्या गोष्टी झाल्या. आता गावोगाव शाळा आहेत, अंगठ्याची जागा सहीने घेतली आहे. हे खरे आहे. परंतु अंगठा पुन्हा परत आला आहे! रेशनच्या दुकानात तो यंत्रावर ठेवावा लागतो. तहसील कचेरीसमोर झाडाखाली टेबल मांडून बसणारा अर्जनवीस आता कमी दिसतो. त्याच्या जागी काचेच्या दारामागे संगणक घेऊन मुले बसतात. अर्ज ऑनलाईन भरावयाचा असतो. आलेला ओटीपी म्हातारा माणूस मोठ्याने वाचून दाखवितो, किंवा मोबाईलच त्या मुलाच्या हातात देतो. पडद्यावर काय लिहिले गेले, हे त्याला दिसत असूनही दिसत नाही.

हे मी ऐकीव सांगत नाही. गेल्या उन्हाळ्याच्या सुटीत मी अशाच एका दुकानात दोन महिने काम केले. फीचे पैसे जमवावयाचे होते. दुकानदाराने पहिल्याच दिवशी सांगितले की, कोणत्या अर्जाला पैसे लागतात आणि कोणत्याला लागत नाहीत हे गिऱ्हाइकाला सांगत बसायचे नाही. एके दिवशी दुपारी एक म्हातारी आली. तिचा अर्ज निःशुल्क होता. मी तो भरला, कागद छापून दिला आणि पन्नास रुपये मागितले. तिने लुगड्याच्या गाठीतून पन्नासची नोट सोडून दिली. मग तो छापलेला कागद दोन्ही हातांनी कपाळाला लावला आणि मला म्हणाली, “देव तुहं भलं करो, बाई.”

कपाळाला लावलेला तो कागद मी विसरू शकत नाही. ताईत घेतानाही माणसे असाच हात जोडतात. ज्या मुन्शीचा मी इतकी वर्षे राग केला, त्याच्या खुर्चीत त्या दिवशी मी बसले होते, आणि बसायला मला काही जड गेले नव्हते. आठ दिवसांनी मी ते काम सोडले. म्हातारीचे गाव मला ठाऊक नव्हते. ते पन्नास रुपये तिला परत देता आले नाहीत. हे मी येथे लिहिते आहे, कारण आपल्यापैकी पुष्कळ जण आपापल्या घरातील पहिले लिहिणारे आहेत. ही खुर्ची आपल्यालाही मिळणार आहे. कोणी तलाठी होईल, कोणी शिक्षक, कोणी बँकेत जाईल. त्या खुर्चीचा मोह कसा असतो हे आधी ठाऊक असलेले बरे.

समारोप

वरील विवेचनावरून एक गोष्ट स्पष्ट होते. लिहिणाऱ्याची जादू शाईत नसते, लेखणीत नसते, लिपीतही नसते. समोरच्या माणसाला वाचता येत नाही, यातच ती सारी असते. म्हणून ती तुटते ती दुसऱ्या मंत्राने नव्हे, तर त्याने वाचावयास शिकल्याने. आणि तो शिकेपर्यंत लिहिणाऱ्यावर एक कर्तव्य येते. दस्तऐवजाच्या शेवटी एक ठरीव वाक्य असते, की मजकूर वाचून दाखविला, समजला व मान्य आहे. हे वाक्य लिहावयाला दोन क्षण लागतात. खरे करावयाला अर्धा तास लागतो. चांगला लिहिणारा कोण, हे त्या अर्ध्या तासावरून ओळखावे. गणपतीच्या कथेतही व्यासांची अट तीच होती. अर्थ समजल्यावाचून लिहावयाचे नाही. ती अट लिहिणाराला होती. मी म्हणते, ती ज्याच्यासाठी लिहिले त्यालाही लागू करावी.

शेवटी मायविषयी थोडेसे सांगून हा लेख संपविते. माय विड्यांचा हिशोब कसा ठेवीत असे, हे मी आधी सांगितले नाही. चुलीच्या मागच्या भिंतीवर ती कोळशाने रेघा ओढी. एका जुडीला एक उभी रेघ. पाच झाल्या की त्यांवर एक आडवी. नऊशे होत्या हे तिला माझ्या आधीपासून ठाऊक होते. तिचीही एक लिपी होती, पण तिच्याखेरीज कोणी वाचीत नसे आणि दिवाळीला भिंत छुईने सारवली की आठवड्या-आठवड्यांचा तो हिशोब पुसून जाई. सहाशे वर्षांपूर्वीच्या लिपीची किल्ली मी पुस्तकांतून शोधीत बसले आणि चुलीमागची लिपी एकोणीस वर्षांत एकदाही मायला विचारली नव्हती.

आता आम्ही एक वही केली आहे. डाव्या बाजूला मायच्या रेघा, उजव्या बाजूला आकडे. पहिले काही आठवडे आकडे मी लिहिले. आता ती स्वतः लिहिते. तिचा नऊ अजून उलटा पडतो. मोर्तबाची गोष्ट मी तिला सांगितली तेव्हा तिला ती फार आवडली. तेव्हापासून शनिवारचा आकडा लिहून झाला की ती त्याच्याखाली एक जाड रेघ ओढते आणि म्हणते, “आता याच्या खाली कोनी काही लिवायचं नाही.”

मुन्शीने वहीवर सही द्यावयाचे नाकारले. छाट अजूनही निघते. पण मायच्या हातात वही दिसली की तो आता विड्या मोठ्याने मोजतो, आणि रांगेतल्या आणखी चार बायांनी वह्या घेतल्या आहेत.